एका म्यानात दोन तलवारी? राजा आणि संसद एकत्र नांदतात ते कसं

मार्च २०२५ मध्ये 'राजा आऊ, देश बचाऊ' अशा घोषणा देत हजारो लोक काठमांडूच्या रस्त्यांवर उतरले. ज्या देशाच्या संविधान सभेने २००८ मध्ये ५६० विरुद्ध ४ मतांनी राजेशाही मोडीत काढली, तिथेच सतरा वर्षांनी हा गजर. निवडणुका राहू द्या, संसद राहू द्या, पण वर राजा बसवा, असं राजाच्या बाजूच्या पक्षाचं म्हणणं. ते ऐकून कोणालाही प्रश्न पडेल: एका म्यानात दोन तलवारी राहत नाहीत म्हणतात, मग लोकांनी निवडलेला पंतप्रधान आणि जन्माने आलेला राजा एकाच सरकारात कसे राहणार?

राहतात, आणि पुष्कळ ठिकाणी गुण्यागोविंदाने राहतात. कारण तिथे म्यानात तलवार एकच असते. दुसरी नुसती मूठ असते, छान नक्षीकाम केलेली. आज जगातल्या चाळीसहून अधिक सार्वभौम देशांत राष्ट्रप्रमुखाच्या जागी राजा, राणी, सम्राट, सुलतान किंवा अमीर आहे. त्यांपैकी पंधरा देशांचा राजा तर एकच, चार्ल्स तिसरे. या यादीत नॉर्वे, जपान, नेदरलँड्स आहेत तसा सौदी अरेबियाही आहे. म्हणजे 'त्या देशात राजा आहे' एवढ्यावरून काहीच कळत नाही. पाहायचं ते हे की मूठ कोणाकडे आणि पातं कोणाकडे.

## दोन खुर्च्या

कुठल्याही सरकारात दोन वेगळी कामं असतात. एक, देशाच्या नावाने सही करायची, परदेशी राजदूतांचं स्वागत करायचं, सरकारं बदलली तरी देश तोच आहे हे दाखवायचं. हे काम राष्ट्रप्रमुखाचं. दुसरं, कर किती लावायचा, पैसा कुठे घालायचा, कोणता कायदा आणायचा हे ठरवायचं. हे शासनप्रमुखाचं. अमेरिकेत दोन्ही कामं एकच माणूस करतो. भारतात ती राष्ट्रपती आणि पंतप्रधान यांच्यात वाटलेली आहेत.

घटनात्मक राजेशाही म्हणजे पहिली खुर्ची वारसाहक्काने आणि दुसरी निवडणुकीने भरायची, आणि दोघांनी काय करायचं ते कायद्याने किंवा पक्क्या संकेतांनी बांधून ठेवायचं. हे आपल्याला वाटतं तितकं परकं नाही. १५ ऑगस्ट १९४७ ते २६ जानेवारी १९५० या काळात स्वतंत्र भारताचे राजे सहावे जॉर्ज होते आणि पंतप्रधान नेहरू. आपण राजा काढला, पण खुर्चीची रचना बहुतांशी तीच ठेवली. राष्ट्रपतींनी मंत्रिमंडळाच्या सल्ल्याने वागायचं, हे घटनेचं ७४ वं कलम त्याच घराण्यातलं आहे.

## सही एकाची, जबाबदारी दुसऱ्याची

सगळी युक्ती एका साध्या व्यवस्थेत आहे. दोन सह्यांचा चेक आठवा. एका सहीवर बँक पैसे देत नाही. राजाच्या सहीचंही तसंच असतं: तिच्याखाली मंत्र्याची सही नसेल तर तो कागद निव्वळ कागद. याला प्रतिस्वाक्षरी म्हणतात. फरक एवढाच की चेकवर दोन्ही सह्यांचं वजन सारखं असतं, इथे निर्णय खालच्या सहीचा असतो.

स्पेनच्या १९७८ च्या घटनेत हे उघड लिहिलं आहे. कलम ५६ म्हणतं की राजाला जबाबदार धरता येत नाही. कलम ६४ लगेच पुढचं सांगतं: राजाच्या कृतीला जो प्रतिस्वाक्षरी देईल, जबाबदारी त्याची. जपानच्या १९४७ च्या घटनेत सम्राट हे राष्ट्राचं आणि लोकांच्या ऐक्याचं प्रतीक आहेत, राज्यकारभाराचे अधिकार त्यांना नाहीत, आणि जे औपचारिक काम आहे त्यातल्या प्रत्येकाला मंत्रिमंडळाचा सल्ला आणि मान्यता लागते.

'राजा चुकत नाही' या जुन्या वचनाचा अर्थही इथेच लागतो. राजा शहाणा असतो असं त्यात कोणी म्हणत नाही. निर्णय त्याचा नसतोच, म्हणून चूकही त्याची नसते. २०१९ चं ब्रिटनमधलं उदाहरण घ्या. पंतप्रधान बोरिस जॉन्सन यांच्या सल्ल्यावरून राणीने संसद पाच आठवड्यांसाठी स्थगित केली. २४ सप्टेंबरला सर्वोच्च न्यायालयाच्या अकराही न्यायाधीशांनी एकमताने ती स्थगिती बेकायदा ठरवली. बेकायदा ठरला तो पंतप्रधानांचा सल्ला. राणीने काय करायला हवं होतं, हा प्रश्न न्यायालयापुढे आलाच नाही.

थोडक्यात, ज्याला लोक घरी पाठवू शकतात त्यानेच ठरवायचं, आणि ज्याला घरी पाठवता येत नाही त्याने ठरवायचं नाही. कुठल्याही देशाची घटना या एका चाळणीतून काढा, निम्मं काम झालं.

## कायदा राजाच्या हाताखालून जातो तेव्हा

ब्रिटनमध्ये दोन्ही सभागृहांनी विधेयक मंजूर केलं की ते राजाच्या संमतीसाठी जातं. राजा प्रत्येक विधेयक वाचून त्यावर सही करतो, असं चित्र आपल्या डोळ्यांसमोर असतं. प्रत्यक्षात मंजूर झालेल्या विधेयकांची नावं असलेला एक अधिकृत दस्तऐवज तयार होतो, राजा त्यावर सही करतो, आणि दोन्ही सभागृहांत 'संमती मिळाली' एवढी घोषणा होते. समारंभाने संमती द्यायची असली तर संसदेचा अधिकारी आजही जुन्या नॉर्मन फ्रेंच भाषेत पुकारतो, 'ल र्‍वा ल व्हो', म्हणजे 'राजाची तशी इच्छा आहे'. नकार द्यायचा तर त्यालाही ठरलेलं सभ्य वाक्य आहे: 'राजा विचार करील.'

हे दुसरं वाक्य शेवटचं वापरलं गेलं १७०८ मध्ये. राणी अ‍ॅनने स्कॉटलंडमध्ये नागरी सैन्य उभारण्याचं विधेयक अडवलं. फ्रेंच आरमार स्कॉटलंडकडे निघाल्याची बातमी आली होती आणि उभं केलेलं सैन्य कोणाच्या बाजूने लढेल याची खात्री नव्हती. गंमत अशी की तो नकारही मंत्र्यांच्याच सल्ल्याने होता. म्हणजे तीनशेहून अधिक वर्षांत ब्रिटनच्या राजाने संसदेचं एकही विधेयक अडवलेलं नाही. 'अडवायचं नाही' असं मात्र कुठल्याही कायद्यात लिहिलेलं नाही. हा संकेत आहे. पाळला जातो, कारण मोडला तर काय होतं हे राजघराण्याला पक्कं ठाऊक आहे. पहिल्या चार्ल्सचं डोकं १६४९ मध्ये संसदेशी झालेल्या भांडणातच उडालं होतं.

## राजाच्या तोंडी सरकारचं भाषण

ही व्यवस्था डोळ्यांनी पाहायची असेल तर संसदेच्या अधिवेशनाचं उद्घाटन पाहावं. ७ नोव्हेंबर २०२३ रोजी चार्ल्स तिसरे मुकुट घालून सिंहासनावर बसले आणि 'माझं सरकार' काय करणार ते त्यांनी वाचून दाखवलं. त्यात उत्तर समुद्रात तेल आणि वायूच्या शोधासाठी दरवर्षी नवे परवाने देण्याचा कायदा होता. वाचणारा माणूस उभं आयुष्य पर्यावरणावर पोटतिडकीने बोलत आलेला. आठ महिन्यांनी, १७ जुलै २०२४ ला, तेच राजे, तेच सिंहासन, तोच सपाट आवाज. पण मधल्या काळात निवडणूक होऊन सत्ता मजूर पक्षाकडे गेली होती, आणि आता 'माझं सरकार' स्वच्छ ऊर्जेसाठी सरकारी मालकीची कंपनी काढणार होतं. भाषणातला शब्दन् शब्द दोन्ही वेळा मंत्र्यांनी लिहिलेला. आवाज मुद्दाम सपाट ठेवायचा असतो. एका वाक्यावर जोर दिला तरी राजाची आवड कळेल.

त्याच दिवशी एक छोटंसं नाटकही होतं. खासदारांना बोलावायला राजाचा दूत कनिष्ठ सभागृहाकडे जातो. तो दाराशी आला की दार त्याच्या तोंडावर धाडकन बंद केलं जातं. तो काठीने तीनदा ठोठावतो, मग आत घेतात. १६४२ मध्ये पहिले चार्ल्स पाच खासदारांना पकडायला शिपाई घेऊन या सभागृहात घुसले होते, त्याची ही आठवण. त्यानंतर आजवर कामकाज चालू असताना कुठल्याही राजाने त्या सभागृहात पाऊल ठेवलेलं नाही. समारंभाच्या वेळी एक खासदार राजवाड्यात 'ओलीस' म्हणूनही ठेवतात. आता चहापाण्यापुरताच, पण ठेवतात.

मग बंद दाराआड राजा काय करतो? ब्रिटनमध्ये पंतप्रधान साधारण दर आठवड्याला राजाला भेटतात. नोंद ठेवली जात नाही, बाहेर बोलायचं नाही. राजाला सल्ला विचारला जाण्याचा, धीर देण्याचा आणि सावध करण्याचा हक्क आहे असं मानतात. आदेश देण्याचा नाही.

## पंतप्रधान कोण नेमतो?

कागदावर राजा. प्रत्यक्षात, ज्याच्यामागे सभागृहाचं बहुमत तो. एका पक्षाला स्पष्ट बहुमत असेल तेव्हा हे पाच मिनिटांचं काम असतं. खरी कसोटी त्रिशंकू निकालाच्या वेळी लागते, कारण तेव्हा राजाला निवड करावी लागण्याचा धोका असतो, आणि निवड म्हणजे राजकारण.

देशोदेशी यावर वेगवेगळे तोडगे निघाले. ब्रिटनमध्ये मे २०१० मध्ये कोणालाच बहुमत मिळालं नाही. हरलेले पंतप्रधान गॉर्डन ब्राऊन पाच दिवस काळजीवाहू म्हणून बसून राहिले, पक्षांच्या वाटाघाटी झाल्या, त्यांपासून राणी दूर राहिल्या, आणि आकडा जमल्यावर विरोधी पक्षाचे नेते डेव्हिड कॅमेरून यांना बोलावणं गेलं. नेदरलँड्समध्ये वाटाघाटी कोणी चालवायच्या हे पूर्वी राणी ठरवत. २०१२ पासून ते काम संसदेने स्वतःकडे घेतलं. मलेशियाची तऱ्हा आणखी न्यारी. तिथे नऊ सुलतान आपल्यातून दर पाच वर्षांनी एक राजा निवडतात. नोव्हेंबर २०२२ मध्ये निकाल त्रिशंकू लागला तेव्हा राजाने पक्षांच्या नेत्यांना आणि इतर सुलतानांना विचारून अन्वर इब्राहिम यांना पंतप्रधान नेमलं.

स्वीडनने तर गोष्ट मुळातच निकालात काढली. १९७५ पासून लागू असलेल्या त्यांच्या घटनेनुसार पंतप्रधानाचं नाव सभापती सुचवतात, आणि ३४९ पैकी १७५ सदस्यांनी विरोधात मत दिलं नाही तर तो पंतप्रधान. राजाचा यात संबंध नाही, कायद्यांवर त्याची सहीही लागत नाही. माझ्या मते ही सगळ्यांत स्वच्छ रचना. मुठीची नक्षी शाबूत, आणि पात्याजवळ राजाचा हात जातच नाही.

## 'पण राजाने सहीला नकारच दिला तर?'

असं झालेलं आहे. १९९० मध्ये बेल्जियमच्या संसदेने गर्भपाताला काही अटींवर परवानगी देणारा कायदा केला. राजे बोदवँ कट्टर कॅथलिक. सही करायला मन धजेना. मग तोड निघाली ती अशी. राजा राज्य करायला असमर्थ असेल तर त्याचे अधिकार मंत्रिमंडळाकडे जातात, असं कलम घटनेत होतं. मंत्रिमंडळाने राजाला 'असमर्थ' ठरवलं, कायद्यावर मंत्र्यांनीच सह्या केल्या, आणि ५ एप्रिलला संसदेने राजांना पुन्हा समर्थ ठरवलं. दोनेक दिवस बेल्जियमला राजा नव्हता आणि कोणाचं काही अडलं नाही.

लक्झेंबर्गने असला जुगाड केला नाही. २००८ मध्ये ग्रँड ड्यूक (तिथल्या राजाचा किताब) आन्री यांनी इच्छामरणाच्या कायद्याला संमती देणार नाही असं सांगताच संसदेने घटनाच बदलली. ड्यूकने कायदा जाहीर करायचा, संमतीचा शब्द उडवला. नकार एकदाच दिला, आणि नकाराचा अधिकारच गेला.

राजाकडे उरलेल्या अशा आणीबाणीच्या अधिकाराचं फ्यूजसारखं असतं. लागलाच तर घर वाचवतो, पण स्वतः जळून. नॉर्वेचे राजे होकोन यांनी हे बरोबर ओळखलं होतं. एप्रिल १९४० मध्ये जर्मन फौजा देशात घुसल्या आणि नाझीधार्जिणा नेता क्विसलिंग याला पंतप्रधान नेमा अशी मागणी आली. राजे मंत्रिमंडळाला म्हणाले की निर्णय तुमचा, तुम्हाला मान्य असेल तर करा, पण मग मी गादी सोडीन. हुकूम दिला नाही, आपली खुर्ची पणाला लावली. मंत्रिमंडळाने मागणी फेटाळली. २३ फेब्रुवारी १९८१ ला स्पेनमध्ये बंडखोर शिपाई संसदेत शिरले, सगळं मंत्रिमंडळ सभागृहात ओलीस. प्रतिस्वाक्षरी द्यायला एकही मंत्री मोकळा नाही. रात्री एकनंतर राजे हुआन कार्लोस लष्करी गणवेशात टीव्हीवर आले आणि सैन्याने घटनेच्या बाजूने राहावं असं त्यांनी बजावलं. बंड फसलं.

उलटंही घडतं. ११ नोव्हेंबर १९७५ ला ऑस्ट्रेलियात ब्रिटनच्या राणीचे प्रतिनिधी असलेले गव्हर्नर जनरल जॉन केर यांनी पंतप्रधान गॉफ व्हिटलम यांना बडतर्फ केलं. वरिष्ठ सभागृहाने खर्चाची विधेयकं अडवून धरली होती, कोंडी खरी होती. पण कनिष्ठ सभागृहात बहुमत असलेला पंतप्रधान न निवडलेल्या माणसाने काढला, याची जखम तिथे आजही भरलेली नाही. डिसेंबरच्या निवडणुकीत व्हिटलम सपाटून हरले खरे. केरनाही १९७७ मध्ये मुदतीआधीच पद सोडावं लागलं.

## मग नेपाळमध्ये कुठे बिनसलं?

१९९० ची नेपाळची घटना घटनात्मक राजेशाहीचीच होती. निवडणुका, संसद, पंतप्रधान, सगळं होतं. पण सैन्याची निष्ठा मंत्रिमंडळापेक्षा राजवाड्याकडे होती, आणि अडचणी दूर करण्यासाठी राजाला हुकूम काढू देणारं १२७ वं कलम होतं. मे २००२ मध्ये पंतप्रधानांच्या शिफारशीवरून प्रतिनिधी सभा विसर्जित झाली. माओवादी बंडामुळे निवडणूक घेता येईना. आता सभागृहच नाही, म्हणजे बहुमत कोणाकडे ते मोजायलाही जागा नाही. ऑक्टोबरमध्ये राजे ज्ञानेंद्र यांनी पंतप्रधान देउबांना काढलं, आणि १ फेब्रुवारी २००५ ला सगळा कारभारच हाती घेतला. वरची सही राजाची, खालचीही राजाचीच. मग जबाबदारीही त्याचीच, आणि ज्याला निवडणुकीत हरवता येत नाही त्याला रस्त्यावर उतरूनच हरवावं लागतं. एप्रिल २००६ च्या जनआंदोलनाने त्यांना माघार घ्यायला लावली आणि दोन वर्षांत गादी गेली.

त्याच सुमारास भूतानमध्ये नेमकं उलट झालं. चौथ्या राजांनी स्वतःहून गादी मुलाकडे दिली, मार्च २००८ मध्ये पहिल्या निवडणुका झाल्या, आणि जुलैत घटना आली. तिच्यात राजाला निवृत्तीचं वय आहे, ६५ वर्षं. राजाला हटवायची वाटही लिहून ठेवली आहे: संसदेच्या संयुक्त बैठकीत तीन चतुर्थांश मतं, आणि नंतर सार्वमत.

## नाव घटनात्मक, कारभार राजाचा

मोरोक्कोत २०११ पासून सगळ्यांत मोठ्या पक्षातूनच पंतप्रधान नेमावा लागतो. पण मंत्रिपरिषदेच्या अध्यक्षस्थानी राजा, सैन्य राजाकडे. कुवेतमध्ये निवडलेली, बऱ्यापैकी तोंडाळ संसद होती. एप्रिल २०२४ मध्ये नवी निवडून आली आणि मे महिन्यात अमिरांनी ती विसर्जित करून घटनेची काही कलमं चार वर्षांपर्यंत गोठवली. थायलंडमध्ये राजाच्या बदनामीला एकेका गुन्ह्यासाठी ३ ते १५ वर्षं तुरुंगवास आहे. हा कायदा बदलू असं सांगणारा पक्ष २०२३ च्या निवडणुकीत सगळ्यांत मोठा ठरला; ऑगस्ट २०२४ मध्ये त्याच मुद्द्यावरून घटनात्मक न्यायालयाने तो पक्ष बरखास्त केला. ज्या मुठीबद्दल बोलायचीच बंदी, ती नुसती मूठ आहे यावर विश्वास कसा ठेवायचा?

## 'काही करत नाही, तर पोसायचं कशाला?'

ब्रिटनचा हिशेब असा आहे. राजाच्या नावावर असलेल्या जुन्या जमिनी आणि मालमत्तांचं उत्पन्न १७६० पासून सरकारी खजिन्यात जातं. त्याच्या नफ्याचा ठरावीक टक्का राजाच्या कामकाजासाठी परत दिला जातो. २०११ च्या कायद्यात तो १५ टक्के होता, राजवाड्याच्या दुरुस्तीसाठी २५ केला, २०२४-२५ पासून १२ झाला. दोन वर्षांपूर्वीचा नफा धरतात: सुमारे ११० कोटी पौंडांचे १२ टक्के, म्हणून २०२५-२६ साठी साधारण १३.२ कोटी पौंड. सुरक्षेचा खर्च यात धरलेला नाही. तो धरून किती, यावर तिथे कायम वाद चालतो. मोलाची गोष्ट ही की टक्का संसदेच्या कायद्यानुसार ठरतो. तिजोरीची किल्ली राजाकडे नाही.

पैशापेक्षा मला दुसरी एक फट जास्त खटकते. राजाच्या अधिकारांना किंवा खासगी मालमत्तेला धक्का लागेल असं विधेयक असेल, तर ब्रिटनमध्ये मंजुरीआधीच राजाची अनुमती घ्यावी लागते. ती मंत्र्यांच्या सल्ल्याने दिली जाते हे खरं. पण मसुदा आधी राजवाड्यात जातो, आणि तिथे काय बोलणं होतं ते बाहेर कळत नाही. स्पेनमध्ये हाच दोष वेगळ्या रूपात दिसला. हुआन कार्लोस यांच्या आर्थिक व्यवहारांची चौकशी सरकारी वकिलांनी २०२२ मध्ये बंद केली. त्यामागच्या कारणांत, राजा असताना त्यांच्यावर खटला चालवता येत नाही, हे कलमही होतं. 'निर्णय राजाचा नसतो म्हणून जबाबदारी नाही' हे सरकारी कामापुरतं ठीक आहे. स्वतःच्या खिशाच्या व्यवहारांना ते का लागू व्हावं, याचं पटेल असं उत्तर मिळत नाही.

## 'जन्मावरून पद, हे लोकशाहीत बसतं का?'

तत्त्वाने बसत नाही, आणि ते मान्य करावं. बाजूने बोलणारे म्हणतात की राजा कुठल्या पक्षाचा नसतो. पण जर्मनी आणि आयर्लंडचे राष्ट्राध्यक्षही बरंचसं हेच काम करतात, आणि त्यांच्यासाठी घराणं लागत नाही. राजा टिकतो तो मुख्यतः लोकांना काढावासा वाटत नाही म्हणून. नॉर्वेच्या होकोन यांनी १९०५ मध्ये गादी स्वीकारण्याआधी सार्वमताचा आग्रह धरला. सुमारे ७९ टक्के मतं बाजूने पडली. ऑस्ट्रेलियाने १९९९ मध्ये प्रजासत्ताक व्हायला साधारण ५५ टक्के मतांनी नकार दिला. ग्रीसने १९७४ मध्ये जवळपास ६९ टक्के मतांनी राजाला निरोप दिला.

कॅरिबियनमधल्या बार्बाडोसने तर सार्वमतही घेतलं नाही. संसदेने घटनादुरुस्ती केली आणि ३० नोव्हेंबर २०२१ ला देश प्रजासत्ताक झाला. सँड्रा मेसन २९ तारखेपर्यंत ब्रिटनच्या राणीच्या वतीने गव्हर्नर जनरल होत्या, ३० ला त्याच राष्ट्राध्यक्ष झाल्या. पंतप्रधान त्याच, मंत्रिमंडळ तेच, आणि गव्हर्नर जनरलची कामं जवळपास जशीच्या तशी राष्ट्राध्यक्षांकडे आली.